नऊ गाणी, नऊ वेगळी माणसं: घरी एकट्याने केलेल्या अल्बमचं पुढे काय करायचं?

आधी तुमचा प्रश्न माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे माझी समजूत चुकली असेल तर लगेच कळेल. तुम्ही साताऱ्यात नोकरी करता आणि गेली अडीच वर्षं रात्री लॅपटॉपवर मराठी इलेक्ट्रॉनिक पॉपचा एक अल्बम करताय. शब्द, चाल, गाणं, बीट, मिक्सिंग (सगळे आवाज एकमेकांत नीट बसवणं), सगळं एकट्याने. 9 गाणी होत आलीत. हेडफोनवर ती भरघोस वाटतात, पण मोबाइलवर लावली की बेस नाहीसा होतो आणि शब्द बुडतात. एका मित्राने ऐकून सांगितलं की ही नऊ वेगळ्या माणसांची गाणी वाटतात. 80 हजार रुपये तुम्ही बाजूला ठेवलेत आणि विचारताय, मॉनिटर (मिक्स तपासायचे खास स्पीकर) घेऊ, प्लगइन (सॉफ्टवेअरला जोडायचे जादा आवाज आणि इफेक्ट) घेऊ, की पुण्यातल्या एखाद्या स्टुडिओत मिक्स करून घेऊ?

मी 20 वर्षांहून जास्त काळ रेकॉर्डिंग आणि मिक्सिंग करतोय. सुरुवात जिंगल्स आणि मालिकांच्या पार्श्वसंगीतापासून झाली. अलीकडे माझ्याकडे येणारं बरंचसं काम तुमच्यासारख्यांचं असतं. हार्ड डिस्कवर अख्खा अल्बम घेऊन येतात आणि म्हणतात, फक्त शेवटचा हात फिरवून द्या. माझं उत्तर त्यांना जे असतं तेच तुम्हाला: पुढचे दोन महिने 80 हजारांना हात लावू नका. तुमच्या दोन्ही तक्रारींचं मूळ एकच आहे आणि ते दुकानात मिळत नाही.

ते मूळ म्हणजे खोलीत तुमच्याशिवाय कोणीच नव्हतं.

पूर्वी एक गाणं किती हातांतून जायचं ते आठवा. संगीतकार चाल द्यायचा, अरेंजर वाद्यं वाटायचा, वादक म्हणायचे 'ही जागा हातात बसत नाही', गायक म्हणायचा 'इथे श्वास मिळत नाही', रेकॉर्डिस्ट काचेपलीकडून सांगायचा की बासरी आणि व्हायोलिन एकमेकांवर चढतायत. वर शिफ्ट संपायची वेळ ठरलेली. दुपारी दोनला वादक उठणार म्हणजे दोनच्या आत ठरवायलाच लागायचं. प्रत्येक टप्प्यावर काहीतरी गाळलं जायचं. तुमच्याकडे शिफ्ट संपत नाही, कोणी नको म्हणत नाही आणि लॅपटॉपमध्ये ट्रॅक कितीही वाढवता येतात. त्यामुळे अडीच वर्षांत सुचलेलं सगळं गाण्यात राहिलं. अडीच वर्षांपूर्वीचे तुम्ही आणि आजचे तुम्ही यांच्या आवडीसुद्धा वेगळ्या आहेत, त्या दोघांनी ठेवलेलं सगळं एकाच अल्बममध्ये आहे. तुमच्या मित्राचा कान चांगला आहे. त्याला धरून ठेवा.

काही गोष्टी परिस्थितीवर अवलंबून आहेत, हे आधीच सांगतो. मी तुमचं एकही गाणं ऐकलेलं नाही. गाण्यात शब्द पुढे हवेत की शब्द हाही एक पोत म्हणून धूसर चालेल, हा तुमचा निर्णय. दोन्ही खरे मार्ग आहेत. तुम्ही विचारताना 'शब्द बुडतात' ही तक्रार म्हणून लिहिलंत, म्हणून शब्द ऐकू यायला हवेत असं धरून पुढचं लिहितोय. हीच गाणी रंगमंचावर एकट्याने वाजवायची असतील तर निवड आणखी कडक करावी लागेल, कारण हात दोनच असतात.

आता एक उदाहरण. माझ्याकडे येणाऱ्या प्रत्येकाला मी हा अल्बम ऐकायला लावतो.

1982 मध्ये मुंबईच्या चरणजित सिंग यांनी 'सिंथेसायझिंग: टेन रागाज टू अ डिस्को बीट' नावाची एलपी केली. हिंदी चित्रपटसंगीताच्या वाद्यवृंदांत वर्षानुवर्षं वाजवणारा हा वादक. त्यांच्याकडे तेव्हा नुकतीच बाजारात आलेली रोलँड कंपनीची तीन यंत्रं होती: ज्युपिटर-8 हा सिंथेसायझर, टीआर-808 हे ड्रम मशीन आणि टीबी-303 हे बेसचं छोटं यंत्र. एवढ्या तीन वस्तूंवर त्यांनी भैरवी, ललत, भूपाळी, तोडी, यमन, मालकंस असे दहा राग एका अखंड डिस्को ठेक्यावर वाजवले. ध्वनिमुद्रण दोन दिवसांत झालं असं ते सांगत. त्या वेळी रेकॉर्ड फारशी कोणी घेतली नाही. पुढे 1987 मध्ये शिकागोच्या तरुणांनी त्याच 303 मधून जो आवाज काढला त्याला जगाने 'अ‍ॅसिड हाउस' असं नाव दिलं. 2002 मध्ये एडो बाउमन या डच संग्राहकाला सिंग यांची रेकॉर्ड दिल्लीत सापडली, 2010 मध्ये ती नव्याने निघाली आणि ऐकणारे थक्क झाले, कारण हा आवाज मुंबईत पाच वर्षं आधीच होऊन गेला होता. सिंग 2015 मध्ये मुंबईतच गेले.

लोक या गोष्टीत 'कोण पहिला' यावर अडकतात. माझ्या कामाचा भाग वेगळा आहे. तो अल्बम सुरुवातीपासून शेवटपर्यंत एका माणसाचा वाटतो, आणि त्याचं कारण ऐकताना कळतं. दहाही रागांत ड्रमचा आवाज तोच, बेस तोच, वरची सुरावट त्याच सिंथेसायझरवरची. बदलतो फक्त राग. त्यामुळे कान आपोआप रागाकडे जातो. दुसरी गोष्ट आणखी सुंदर आहे. 303 मध्ये एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाण्याची सोय आहे. ती दिली होती बास गिटारची नक्कल करता यावी म्हणून. सिंग यांच्या हातात तीच घसरण मींडेच्या जवळ जाते. यंत्राची सवय आणि रागाची गरज जिथे भेटतात ती जागा त्यांनी ओळखली. इलेक्ट्रॉनिक संगीतातला खरा प्रयोग मला अशा ठिकाणी दिसतो.

पण 'दोन दिवस' हा आकडा मनावर घेऊ नका. त्या दोन दिवसांच्या मागे स्टुडिओतली अनेक वर्षं होती. तुम्ही घ्यायचं ते तीन यंत्रांचं बंधन.

म्हणून पहिलं काम. एक वही घ्या आणि नऊही गाण्यांत वापरलेले सगळे आवाज लिहून काढा: किक (ड्रमचा जाड ठोका) कोणती, स्नेअर (ड्रमचा कडक टोला) कोणता, बेस कुठल्या सिंथचा, पॅड (मागे पसरून राहणारे सूर) किती, रिव्हर्ब (खोलीसारखा घुमार) कुठला. लॅपटॉपच्या पडद्यावर बघू नका, हाताने लिहा. गेल्या वर्षी एका मुलीने माझ्यासमोर बसून अशी यादी केली तेव्हा सात गाण्यांत 23 वेगवेगळ्या किक निघाल्या. प्रत्येक किक त्या रात्री सगळ्यात छान वाटली म्हणून निवडलेली होती. यादी झाली की अल्बमसाठी एक किक ठेवा, एक स्नेअर किंवा टाळी, एक बेस, सुरावटीसाठी दोन आवाज, आणि एक खोली, म्हणजे सगळ्या गाण्यांना एकच रिव्हर्ब. वरून एक असा आवाज जो फक्त तुमचाच आहे, तुमच्या घरातला किंवा गावातला. बाकी सगळं बंद. फाइल पुसू नका, एका कॉपीत बंद करा.

हा शेवटचा, 'फक्त तुमचा' आवाज फार महत्त्वाचा आहे. 1981 मध्ये लॉरी अँडरसन या अमेरिकन कलावतीचं 'ओ सुपरमॅन' हे आठ मिनिटांचं गाणं ब्रिटनच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत दुसऱ्या क्रमांकापर्यंत गेलं. त्याचा पाया म्हणजे तिने स्वतः म्हटलेला एक 'हा', तोच पुन्हा पुन्हा फिरणारा. वर व्होकोडरमधून, म्हणजे माणसाचा आवाज यंत्राच्या सुरात बोलवणाऱ्या उपकरणातून, आलेला तिचा आवाज आणि अगदी थोडी वाद्यं. एका अक्षरावर आठ मिनिटं उभी राहतात, कारण ते अक्षर तिच्या तोंडातून आलंय आणि तिने ते सोडलं नाही. तुमच्याकडे कदाचित पितळी डब्याचं झाकण असेल, एसटी स्टँडवरची घोषणा असेल, आजीच्या बांगड्या असतील. एकच घ्या आणि नऊ गाण्यांत वेगवेगळ्या कामाला लावा. एकीकडे हाय-हॅट (ड्रमची छोटी झांज) म्हणून, एकीकडे उलटा फिरवून, एकीकडे अगदी संथ करून पॅड म्हणून.

हे झाल्यावर प्रत्येक ट्रॅक ऑडिओत बाउन्स (पक्क्या ध्वनिफाइलीत रूपांतर) करून टाका, सिंथ बंद. म्हणजे तो आवाज आता बदलता येणार नाही. हे करताना पोटात गोळा येतो, मला माहीत आहे. पण 'नंतर बदलू' ही सोय उघडी असेपर्यंत तुम्ही गाणं ऐकत नाही, आवाज ऐकत राहता.

आता मोबाइलवर बेस का जातो ते. यात दोष तुमच्या कानाचा नाही, गणिताचा आहे. मोबाइलचा स्पीकर बोटाच्या नखाएवढा. साधारण 200-300 हर्ट्झच्या खाली तो फारसं काही वाजवूच शकत नाही (हर्ट्झ म्हणजे सेकंदाला होणारी कंपनं; आकडा लहान तितका सूर खालचा). तुमचा सब-बेस (सगळ्यात खालचा बेस) 50 हर्ट्झच्या आसपास, बहुतेक शुद्ध साइन वेव्ह असणार, म्हणजे त्याच्या वर स्वरांश (मूळ सुराबरोबर वाजणारे वरचे बारीक सूर) नाहीत. स्पीकर 50 वाजवत नाही, वर काही शिल्लक नाही, म्हणून शांतता. तबल्याचा बायाँ जुन्या ट्रान्झिस्टरवरसुद्धा कळायचा, कारण त्याच्या खालच्या सुराबरोबर वरचे कितीतरी स्वरांश येतात आणि ते ऐकून आपला मेंदू खालचा सूर स्वतः भरून काढतो. तुमच्या बेसलाही तसे स्वरांश द्या. बेसचा ट्रॅक कॉपी करा, कॉपीवर थोडं डिस्टॉर्शन किंवा सॅच्युरेशन (आवाज जरा खरखरीत करून स्वरांश आणणारे इफेक्ट) द्या, त्यातला 200 च्या खालचा भाग कापा आणि मूळ बेसखाली हळूच मिसळा. हेडफोनवर फरक जेमतेम जाणवेल, मोबाइलवर बेस परत येईल. यासाठी लागणारं सगळं तुमच्या सॉफ्टवेअरमध्ये फुकट असतं.

दुसरा मार्ग असा की अल्बमची रचनाच लहान स्पीकरसाठी करायची. आइसलँडची गायिका ब्यॉर्क हिने 2001 च्या 'व्हेस्परटिन'मध्ये हे केलं. लोक संगीत लॅपटॉपवर ऐकू लागलेत हे ओळखून तिने हार्प, सेलेस्टा, म्युझिक बॉक्स अशी वाद्यं आणि पत्ते पिसण्यासारखे बारीक आवाज घेतले, जे छोट्या स्पीकरमधूनही नीट पोचतात. तुमची गाणी रात्री एकट्याने केलेली, हळू आवाजातली असतील तर हा रस्ता तुम्हाला जास्त मानवेल. दणका द्यायलाच हवा असं काही नाही.

मॉनिटर आत्ता का घेऊ नका हेही यातच येतं. तुम्ही लिहिलंय की खोली 10 बाय 12 फूट आहे. 10 फुटांच्या दोन भिंतींमध्ये साधारण 56 हर्ट्झचा सूर घुमतो, 12 फुटांच्या भिंतींमध्ये साधारण 47 चा. तुमचा बेस नेमका तिथेच आहे. स्पीकर कितीही महागडे घेतलेत तरी खुर्ची दोन फूट सरकवली की बेस दुप्पट वाटेल किंवा गायब होईल, आणि तुम्ही त्या खोट्या आकड्यांवर निर्णय घ्याल. भिंतीला गादी टेकवून हे जात नाही. गादी वरचे सूर शोषते, 50 हर्ट्झला ती दिसतसुद्धा नाही. तेव्हा आत्ता आहे तोच हेडफोन (दोन महिन्यांनी चांगला, उघड्या पाठीचा), शेजारी मोबाइल, आणि तुलनेसाठी तुम्हाला पाठ असलेली दोन गाणी. मी स्वतः आजही शेवटची खात्री मोबाइलवरच करतो.

आता शब्दांकडे येतो. या भागात मी थोडा रेंगाळणार आहे, कारण मराठी गाणाऱ्यांना परदेशी व्हिडिओंमधून हे कोणी सांगत नाही.

शब्द बुडतात म्हणून बहुतेक लोक आवाजाचा फेडर (पातळीची पट्टी) वर करतात. मग पॅड लहान वाटतं, म्हणून पॅड वर. मग पुन्हा आवाज. भांडण पातळीचं नसून जागेचं आहे. माणसाचं बोलणं कळतं ते मुख्यतः 300 ते 4000 हर्ट्झच्या पट्ट्यात, आणि जाड पॅड, पियानो, गिटार सगळे तिथेच बसतात. आधी रचना बदला. ज्या ओळीत शब्द आहेत तिथे पॅड थांबू दे, ओळ संपल्यावर येऊ दे. ट्रॅक एकेक करून बंद करत जा; बंद केल्यावर गाणं ओळखू येईनासं झालं तरच तो परत आणा. माझ्या अनुभवात एक तृतीयांश ट्रॅक परत येत नाहीत.

मग व्होकोडर. तुम्ही चार गाण्यांत वापरलाय असं लिहिलंय. व्होकोडर तुमच्या आवाजाचे काही पट्टे पाडतो आणि प्रत्येक पट्ट्याचा चढउतार सिंथवर लादतो. पट्टे कमी असले की बारकावे जातात. आपल्या भाषेचे बारकावे नेमके तिथेच राहतात: 'ळ' आणि 'ल', 'ण' आणि 'न' यांतला फरक जीभ मागे वळल्याने वरच्या एका पट्ट्यात होणाऱ्या छोट्या हालचालीचा आहे. 'चार'मधला च आणि 'चांदणं'मधला च वेगळे आहेत, आणि तो फरक घर्षणाच्या बारीक खसखशीत आहे. पट्टे कमी पडले की 'काळा' आणि 'काला' एक होतात, 'मन' आणि 'मण' एक होतात, आणि त्यावर डीएसर (स, श, च यांची खसखस दाबणारा इफेक्ट) घट्ट लावला की ते दोन्ही च एकसारखे होतात. उपाय सोपा. पट्टे वाढवा, 20 च्या वर न्या. आणि त्याच टेकची (गायलेल्या रेकॉर्डिंगची) कोरडी, म्हणजे इफेक्ट नसलेली, प्रत घेऊन 4000 हर्ट्झच्या खालचं सगळं कापून ती व्होकोडरबरोबर मिसळा. स्वर यंत्राचे राहतात, व्यंजनं तुमची.

ऑटोट्यूनबद्दल थोडं. हे सॉफ्टवेअर 1997 मध्ये आलं. करणारा माणूस आधी तेलकंपन्यांसाठी भूकंपलहरींचं विश्लेषण करायचा, हे मला नेहमी लक्षात राहतं. ते सूर जवळच्या ठरलेल्या पट्टीवर ओढतं. रीट्यून स्पीड (सूर किती झटक्यात ओढायचा तो आकडा) शून्यावर ठेवली तर तुमच्या चालीतली मींड जिन्याच्या पायऱ्या होऊन बसते. तोच परिणाम हवा असेल तर जरूर ठेवा, प्रयोगच आहे. पण संपूर्ण गाण्यावर एकच आकडा नको. जिथे चाल सरळ पायऱ्यांची आहे तिथे घट्ट, जिथे सूर ओढलेला आहे तिथे बंद. ओळ कापून दोन ट्रॅकवर टाकली की झालं. इमोजन हीप या ब्रिटिश गायिकेचं 2005 चं 'हाइड अँड सीक' ऐका. आवाजाला सुरांची साथ जोडणारा एक हार्मोनायझर, त्याला सूर सांगायला एक कीबोर्ड, आणि ऐकू येतो तो फक्त आवाज, एकही वाद्य नाही. संगणक बंद पडला म्हणून ती हाताशी होतं त्या यंत्राकडे वळली आणि ते गाणं झालं. यंत्र इतकं उघडपणे ऐकू येतं, तरी श्वास, अडखळणं, ओळीचा शेवट सगळं तिचंच आहे, कारण त्याला झाकायला दुसरं काही ठेवलेलंच नाही.

ओळीचा शेवट म्हटलं म्हणून आणखी एक. आपण 'केलं', 'गेलं', 'पाणी प्यायलं' असं गातो तेव्हा शेवटचा अं आपण नैसर्गिकपणे सोडून देतो. बोलताना ठीक, बीटवर तो स्नेअरखाली चिरडला जातो आणि ऐकणाऱ्याला 'केल' एवढंच मिळतं. प्रत्येक ओळीचं शेवटचं अक्षर हाताने दोन-तीन डेसिबल वर करा. कंटाळवाणं काम आहे, एका गाण्याला एक संध्याकाळ जाते. मी हे काम कधीच टाळत नाही.

ऱ्हस्व-दीर्घाकडेही बघा. चार मात्रांच्या ठोकळ्यात शब्द बसवताना ऱ्हस्व अक्षर ताणलं गेलं की मराठी ऐकणाऱ्याचा कान अडतो, भले त्याला कारण सांगता येणार नाही. बीट बंद करून शब्द मोठ्याने वाचा आणि तुमच्या वाचण्याला स्वतःचा ठेका आहे का ते ऐका. बहुतेक वेळा असतो. मोठ्या अभंगाची घडण 6, 6, 6 आणि 4 अक्षरांची. शेवटचा चरण आखूड. तो आठ मात्रांच्या चार आवर्तनांवर ठेवला की चौथ्यात आपोआप मोकळी जागा राहते. ओवीतही शेवटचा तुकडा असाच आखूड सुटतो, म्हणून तिला साडेतीन चरणी म्हणतात. इलेक्ट्रॉनिक पॉपमध्ये सगळे ती जागा ड्रम फिलने भरतात. तुम्ही ती रिकामी ठेवून बघा, किंवा तुमचा तो एकच डब्याच्या झाकणाचा आवाज तिथे येऊ द्या. मला विचाराल तर मराठी इलेक्ट्रॉनिक संगीताचं स्वतःचं व्याकरण अशा जागांमधून तयार होईल, आणि ते घडताना बघण्याची मला फार ओढ आहे.

तुमच्या पाचव्या गाण्यात जुन्या मराठी चित्रपटगीताचा चार सेकंदांचा तुकडा आहे. त्याबद्दल स्पष्ट सांगतो: चार सेकंद म्हणून सूट मिळेल असं धरून चालू नका. दोन वेगळे हक्क असतात. ध्वनिमुद्रणाचा हक्क आपल्या कायद्यात प्रकाशनानंतर 60 वर्षं टिकतो. शब्द आणि चाल यांचा हक्क गीतकार-संगीतकाराच्या मृत्यूनंतर 60 वर्षं. रेकॉर्ड 60 वर्षांहून जुनी असली तरी दुसरा हक्क जिवंत असू शकतो. परवानगी नसेल तर तुकडा काढा. त्या जागी आईला किंवा आजीला विचारून त्यांच्या आवाजात काहीतरी रेकॉर्ड करा. गाण्याला त्यातून जे मिळेल ते तुकड्यातून मिळत नव्हतं.

आत्तापर्यंतचं थोडक्यात: वहीत यादी, आवाज मोजके, सगळं बाउन्स, बेसला स्वरांश, पॅडला शब्दांच्या वाटेतून बाजूला, व्यंजनं कोरडी, शेवटची अक्षरं वर. यातलं काहीही पैशाने होत नाही.

राहतो तो खोलीतला दुसरा माणूस. तो तुम्हालाच व्हावं लागेल, आणि त्याच दिवशी होता येत नाही. मी असं सुचवतो: एवढं काम झालं की नऊ गाण्यांची प्रत मोबाइलमध्ये टाका आणि दोन आठवडे प्रोजेक्ट उघडू नका. गाणी ऐका, पण एसटीत, भांडी घासताना, फिरताना. लिहायचं ते वहीत. 'तिसरं गाणं, दुसरा अंतरा, लक्ष गेलं' एवढंच. उपाय लिहायचा नाही. दोन आठवड्यांनी, वहीत जे तीन वेळा लिहिलं गेलंय तेवढंच एका बैठकीत दुरुस्त करायचं. मित्रालाही 'कसं वाटलं' असं विचारू नका. त्याला कागद द्या आणि ऐकू येतील ते शब्द लिहायला सांगा. कागदावरच्या रिकाम्या जागा तुमच्या मिक्सचा खरा नकाशा आहे.

हे करताना एक धोका आहे, आणि तो मी स्वतः केलेल्या चुकीतून शिकलो. एका गायिकेने घरी रेकॉर्ड केलेली सहा गाणी माझ्याकडे दिली होती. प्रत्येक टेकच्या मागे पंख्याची घरघर. मी दोन दिवस खपून ती साफ केली आणि अभिमानाने ऐकवलं. ती गप्प बसली, मग म्हणाली, 'दादा, यातून माझं घर गेलं.' तिचं बरोबर होतं. घरघर असताना ती कोणाला तरी खोलीत बसून सांगतेय असं वाटायचं. साफ केल्यावर ती कुठेच नव्हती. मी सगळं परत आणलं, फक्त जिथे पंखा शब्दांवर चढत होता तिथे हलका हात लावला. तुमच्या गाण्यांतलं काय दोष आहे आणि काय घर आहे, हे बाहेरचा माणूस ठरवू शकणार नाही. म्हणूनच आत्ता स्टुडिओत गेलात तर तिथला माणूस नऊ गाणी नीटनेटकी करून देईल, आणि ती नऊ नीटनेटक्या माणसांची वाटतील.

दोन महिन्यांनी पैसे असे वापरा. आधी हेडफोन. मग आवाज पुन्हा रेकॉर्ड करायची गरज असेल, आणि बहुतेक तीन-चार गाण्यांत असेल, तर शांत खोली आणि चांगला माइक असलेल्या स्टुडिओत एक दिवस. त्यानंतर मिक्ससाठी एकच गाणं एखाद्या मिक्सिंग करणाऱ्याला द्या आणि तुमचं मिक्स त्याच्याशेजारी ठेवून ऐका. त्याचं खरंच पुढे गेलं असेल तर बाकीची द्या. नसेल तर तुमचंच ठेवा. मास्टरिंग (तयार मिक्सवरचा शेवटचा हात) मात्र नऊही गाण्यांचं एकत्र, एकाच माणसाकडून करून घ्या. सुटं सुटं करू नका. आणि आवाज दाबून मोठा करून देऊ नका असं त्याला सांगा. स्पॉटिफायसारखी सेवा सगळी गाणी साधारण उणे 14 एलयूएफएसच्या (आवाज किती मोठा वाटतो ते मोजायचं एकक) पातळीला आणून वाजवते, त्यामुळे जास्त दाबलेलं गाणं तिथे मोठं वाजत नाही, फक्त चपटं वाजतं. या कामांचे दर गावागणिक आणि माणसागणिक बदलतात, तेव्हा आकडा मी सांगत नाही, पण या क्रमाने गेलात तर 80 हजारांतले बरेच वाचतील असा माझा अंदाज आहे.

मिक्सला देताना प्रत्येक ट्रॅक गाण्याच्या पहिल्या क्षणापासून सुरू होणारी 24 बिट वेव्ह फाइल म्हणून द्या, आवाज व्होकोडरसह एक आणि कोरडा एक असे दोन, आणि सोबत तुमचं स्वतःचं कच्चं मिक्स. शब्द टाइप करून द्या. सगळ्याची एक प्रत दुसऱ्या डिस्कवर, घराबाहेर कोणाकडे तरी.

वहीतली यादी झाली की इथेच कळवा, किती किक निघाल्या आणि कोणती ठेवलीत. ती ठेवण्याचं कारण लिहिलंत तर तुम्हाला सगळ्यात जास्त अडलेल्या सातव्या गाण्याबद्दल मी नीट काही सांगू शकेन.